उघाडीवाली

माझ्या सासरी खाजणाच्या बांधात एक लाकडी दार होतं. त्याला उघाडी म्हणायचे. हे आधीच सांगून टाकते, कारण ज्या माणसाविषयी लिहायचं आहे त्याने 'उघाडी म्हणजे काय?' एवढं एकदा विचारलं असतं तर पुढचं काही घडलंच नसतं.

नायगावच्या पश्चिमेला खाडीलगत आमची भातशेती, तेच खाजण. खाडीचं पाणी खारं, भाताला हवं गोडं, मध्ये मातीचा बांध. बांधाच्या पोटातून दगडी मोरी आणि मोरीच्या खाडीकडच्या तोंडावर वरून टांगलेली जाड फळी. ओहोटी लागली की शेतातलं जादा पाणी फळी ढकलून बाहेर पडतं. भरती आली की खाडीचं पाणीच फळीला दाबून तोंड बंद करतं. माणसाने फक्त फटीत काही अडकू द्यायचं नसतं. आधी गवत आणि काटक्या अडकत. नव्वदनंतर स्टेशनाच्या बाजूला इमारती उठल्या आणि दुधाच्या पिशव्या, चपला, थर्मोकोलचे तुकडे यायला लागले. बोटभर फट राहिली तरी भरतीचं पाणी आत घुसतं. भात फुलोऱ्यात असताना एकदा खारं चढलं की ते पीक गेलंच, शिवाय जमीन पुढची दोन वर्षं धड पिकत नाही.

म्हणून भरती चढायच्या आधी कोणीतरी पाण्यात उतरायचं, फळीखाली हात घालायचा आणि तोंड साफ करायचं. हे काम आमच्या घराकडे होतं. आधी सासरे, मग थोरले दीर, आणि दीर गेल्यावर माझी जाऊ. सात घरांची शेती तिच्या उजव्या हातावर चालत होती. गाव तिला उघाडीवाली म्हणायचं. नाव मानाचं होतं. नवं भात निघालं की पहिली टोपली तिच्या ओटीवर यायची आणि लग्नघरात हळद दळायला जात्याला पहिला हात तिचा लागायचा.

मी मुंबईत वाढलेली, वसईतल्या एका शाळेच्या कार्यालयात नोकरीला. मला चिखलातलं काही येत नव्हतं, पण याद्या करता येत होत्या. पावसाळ्याआधी काय शाकारायचं, कोणाच्या बांधाला कुठे भगदाड आहे, लग्नात कोणाला बोलवायचं राहिलं, सगळं माझ्या वहीत. जाऊ हसायची. "हिच्या वहीत नाय तो माणूस मेला समजायचा," म्हणायची. पण काही हवं असलं की वहीच विचारायची.

तो आमच्याकडे आला तेव्हा माझी चाळिशी उलटली होती. वाडीतली मागची खोली त्याने भाड्याने घेतली. वय तीस-बत्तीस, दाढी, खांद्याला झोळी. "मी परफॉर्मन्स आर्टिस्ट आहे," म्हणाला.

"म्हणजे नाटकात काम करता?"

"नाही ताई. नाटकात भूमिका असते. मी व्यक्तिरेखा जन्माला घालतो आणि तिच्यात राहतो. इथल्या मातीतल्या, लोककथेतल्या."

मातीतल्या म्हणाला खरा, पण मातीशी त्याचं पहिल्या दिवसापासून पटलं नाही. अंगणातून खोलीपर्यंत जायला त्याने विटा मांडून घेतल्या. चिखल लागला की त्याच्या पायांना पुरळ यायचं.

त्याने तोवर जन्माला घातलेल्या मंडळींची माहिती त्याने मला स्वतःच दिली. अर्नाळ्याला तो 'वाळवणबाबा' झाला होता. हा म्हणे सुक्या मासळीचा राखणदार. गळ्यात बोंबलांच्या माळा घालून तो मासळी वाळत घालतात तिथे दिवसभर बसला होता. भुईगावला तो 'केळीचा नवरा' झाला, अंगाला केळीची पानं गुंडाळून वाडी-वाडीतून फिरला. दोन्हींच्या पत्रकावर छापलं होतं: 'स्थानिक लोककथेवर आधारित'. मला अशा वाक्याची शहानिशा केल्याशिवाय राहवत नाही. आमच्याकडे मासळी घेऊन येणारी बाई अर्नाळ्याची होती. तिला विचारलं.

"वाळवनबाबा? कोन तो? आमी नाय ऐकला कदी," ती म्हणाली. "एक येडा आलता मागं. माजं बोंबील गळ्यात घालून बसला आन् जाताना तुडवून गेला."

भुईगावच्या लोककथेची चौकशी मी केली नाही. केळीच्या नवऱ्यामागे कुत्री लागली होती, एवढं मात्र शाळेतल्या एका शिक्षिकेकडून कळलं. कुत्र्यांना तरी पारख होती.

त्याच्याकडेही एक वही होती. आमच्या दोघांत साम्य असलंच तर तेवढंच. दुपारी तो ओटीवर येऊन बसायचा आणि सुपात तांदूळ पाखडणाऱ्या माझ्या जावेला प्रश्न विचारायचा. गावात कोणीतरी तिला उघाडीवाली म्हणताना त्याने ऐकलं होतं, आणि त्या शब्दावर त्याचे कान टवकारले होते. ते संभाषण मी शेजारीच भाजी निवडत ऐकलं. अजून जसंच्या तसं आठवतं.

"आजी, ही उघाडी कशी आहे?"

"आजी तुजी मुंबयला असंल. मी पन्नाशीची हाय."

"बरं, मावशी. उघाडी कशी आहे?"

"जुनी हाय. खालून आंग सडला तिचा. पन रडते आजून."

"रडते?"

"भरती चढली न् तोंडात कायतरी आडकला का रडते. कुईऽऽ करते. पार घरापतूर आयकू येतं."

"मग तुम्ही काय करता?"

"उतरते पान्यात. तिच्या तोंडात हात घालते. साफ केला का तोंड मिटते, मंग गप."

"भीती नाही वाटत?"

"भ्या कसला? आदी माजा नवरा जायचा तिच्याकडं. तो गेला, आता मी जाते."

तो भराभरा लिहीत होता. त्याचे डोळे पाणावले होते. मला वाटलं, शहरातला माणूस, कष्टाचं ऐकून गहिवरला असेल. बांध आमच्या घरापासून चालत दहा मिनिटांवर होता. त्या दहा मिनिटांची तसदी त्याने घेतली असती तर त्याला उघाडी दिसली असती. पण तिकडे चिखल होता.

पुढच्या आठवड्यात मी कामावर निघाले असताना त्याने खोलीच्या दारातून हाक मारली. "ताई, तुमचं शुद्धलेखन पक्कं आहे. उघडी लिहायचं की उघाडी?"

"उघाडी," मी चालता चालता म्हटलं. "'घ'ला काना."

मला उशीर होत होता आणि शुद्धलेखनाचं कौतुक कोणाला आवडत नाही? दिवसभर मी मनात खूश होते, की हा निदान शब्द तरी तपासून घेतो.

स्टेशनाजवळच्या एका मोठ्या संकुलात त्या वर्षी महोत्सव भरला. फ्लॅट घेऊन राहायला आलेली मंडळी, कोणी कोकणातली, कोणी देशावरची, कोणी गिरणगावातून उठून आलेली. त्यांच्या समितीला अचानक वसईची लोकसंस्कृती हवी झाली होती. वसईची माणसं त्यांच्या कुंपणाबाहेर राहत होती, पण संस्कृती त्यांना हॉलमध्ये आणि खुर्च्यांसमोर हवी होती. त्यांनी आमच्या भाडेकरूला बोलावलं. त्याने माझ्या जावेला आमंत्रण दिलं, पहिल्या रांगेतलं. ती ठेवणीतलं लुगडं नेसली, केसांत अबोलीचा गजरा घातला. "आपल्या उघाडीवर करनार हाय तो," म्हणाली. "दाराचा नाटक कसा करतील गो?"

दिवे गेले, परत आले, आणि तो रंगमंचावर आला. अंगाला घट्ट बसणारा कातडीच्या रंगाचा पोशाख, कमरेपर्यंत सोडलेले वाळक्या गवताचे केस, ओठ लाल. तो जमिनीवर लोळत "कुईऽऽ" करून रडला. मग दोन्ही हात पसरून म्हणाला, "भरती आली. माझा पुरुष आला नाही. माझ्या तोंडात हात घाला, मला मिटवा." मागच्या रांगांतून कोणीतरी शीळ घातली.

जाऊ माझ्या कानाशी आली. "ह्याला काय झाला?"

"तो उघाडी झालाय."

"दार झालाय?"

"नाही. बाई झालाय. उघडी बाई. नागडी."

तिने पदर खांद्यावरून ओढून घेतला. मग म्हणाली, "कोनी सांगितला त्याला असा?"

मला मी दिलेला तो काना आठवला.

तेवढ्याने भागलं असतं तर आम्ही उठून घरी आलो असतो. पण शेवटी तो खाली उतरला, जावेचा हात धरून तिला वर घेऊन गेला आणि माइकवर म्हणाला, "ही उघाडीवाली. उघाडीची शेवटची सोबतीण." मागे हशा पिकला. शिट्ट्या वाढल्या. त्याने माइक तिच्या तोंडासमोर धरला. "मावशी, उघाडीविषयी दोन शब्द."

ती स्पष्ट म्हणाली, "आरं मेल्या, उघाडी म्हंजे दार हाय."

शिट्ट्या थांबल्या. मला वाटलं, संपलं, आता हा तोंड लपवेल. त्याने डोळे मिटले.

"दार," तो हळूच म्हणाला. "ऐकलंत? स्त्री म्हणजे दार. खारं आणि गोडं, मरण आणि अन्न यांच्यामधलं दार."

टाळ्यांचा कडकडाट झाला. समितीच्या अध्यक्षांच्या पत्नीने डोळ्यांना रुमाल लावला.

"आरं लाकडाचा!" जाऊ ओरडली.

"लाकडाचं!" तो म्हणाला. "मुकं केलेलं!"

आणखी टाळ्या. मग तिला शाल आणि नारळ देण्यात आला. इतक्या शिकलेल्या माणसांनी भरलेल्या हॉलमध्ये शेतातल्या पाण्याच्या मोरीचं दार ओळखणारं एकही माणूस नव्हतं, आणि ज्या दोघींना ओळखता येत होतं त्यातली एक वर उभी होती आणि दुसरी खाली मान घालून बसली होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी त्याच्या खोलीवर गेले. कागदावर मुद्दे लिहून नेले होते. उघाडी ही फळी आहे. ती बांधात आहे. तिचं तोंड म्हणजे मोरीचं तोंड. दीर तिच्याकडे जायचे ते गवत काढायला. आणि हे सगळं त्याने त्याच संकुलात जाऊन, त्याच माइकवरून सांगावं.

त्याने कागद वाचला. हसला. "ताई, शब्दाचा मूळ अर्थ काय, हे दुय्यम आहे. शब्द कशाला जन्म देतो ते महत्त्वाचं."

"शब्दाने कोणाला जन्म दिलेला नाही. तुम्हाला ऐकताना चूक झाली."

"चूक हीच लोककथेची आई असते."

"मग छापा तसं. 'माझ्या चुकीवर आधारित.' 'स्थानिक' कशाला लिहिता?"

"पण ताई," तो म्हणाला, "काना तुम्हीच दिलात."

त्याच्या साऱ्या बडबडीत तेवढं एक वाक्य खरं होतं, आणि ते त्याने नेमकं माझ्यावर वापरलं. कागद त्याच्या हातातच ठेवून मी परत आले.

चार दिवसांनी एका स्थानिक साप्ताहिकात फोटो आला. गवताचे केस, लाल ओठ आणि शेजारी शाल पांघरलेली माझी जाऊ. खाली ओळ: 'खाडीची उघाडी आणि तिची उघाडीवाली'. मग संकुलातले लोक संध्याकाळी बांधावर फिरायला यायला लागले. कोणी मोरीपाशी हळदकुंकू वाहू लागलं, कोणी उदबत्ती लावू लागलं. ज्या मोरीत आदल्या वर्षी त्यांच्याच घरचा कचरा अडकत होता, तिच्यापुढे ते आता चपला काढून उभे राहत. आमच्यातल्याच एकाने त्यांना सांगितलं, "बाबांनो, हे पाण्याचं दार आहे." त्यावर ते म्हणाले, "हो, हो, आम्ही कार्यक्रम पाहिलाय."

हे हास्यास्पद होतं, पण सोसण्यासारखं होतं. जावेच्या वाट्याला जे आलं ते तसं नव्हतं. स्टेशनाच्या रस्त्यावर स्कूटरवरचे तरणे पोरगे तिला बघून म्हणायचे, "ओ उघाडी, टॉवेल देऊ का?" बाजारात, ज्या बायका तिला वीस वर्षं ओळखत होत्या त्यांनीही एकदा गंमत केली. "काय गो उघाडीवाली, आज कपडे घातलंस?" त्या मनाने वाईट नव्हत्या. पण शब्द एकदा तोंडात बसला की तो आपणहून बाहेर पडतो.

एका सकाळी ओहोटी होती आणि जाऊ चुलीपुढे बसून होती.

"जात नाही?" मी विचारलं.

"नाय."

"भरती साडेआठला चढायला लागेल."

"चढूं दे. लुगडा वर खोचून पान्यात उतरायचा, आन् बांधावर ती लोकं उभी. कालच्याला एक बोलला, बग बग, उघाडी निगाली." तिने चुलीत लाकूड सारलं. "उघाडीच्या तोंडात हात घालून साफ करता येतं. लोकांच्या तोंडात कसा घालू?"

त्या दिवशी मी पुतण्याला पाठवलं. आणि संध्याकाळी, जे मला येतं ते केलं. यादी केली. सात घरं, सात पाळ्या. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते, हे मला जावेनेच शिकवलं होतं. त्या हिशेबाने महिन्याभराच्या वेळा काढल्या, प्रत्येक घराचं नाव पुढे लिहिलं आणि शेवटी एक रकाना आखला: 'उघाडी पाहिली'. पाहून आलं की खूण करायची. तक्ता आमच्या ओटीवर लावला. नेटका तक्ता होता. सगळ्यांनी वाखाणला.

महिनाभर एकही खूण चुकली नाही. त्या खुणांकडे बघून मी समाधानाने कामावर जात होते.

भाद्रपद संपत आला, भात फुलोऱ्यावर आलं. सर्वपित्री अमावास्या त्या वर्षी रविवारी आली. अमावास्येची भरती मोठी, आणि त्या दिवसांतली तर सर्वांत मोठी. सकाळी ज्यांची पाळी होती त्यांच्या घरी पितरांचा स्वयंपाक होता. त्यांचा माणूस घाईघाईने आला, बांधावरून वाकून पाहिलं आणि तक्त्यावर खूण करून गेला.

साडेदहाला शेजारचा माणूस धावत आला. "उघाडी रडतेय!"

आम्हा दोघींनाही तोवर ऐकू आलं होतं. बारीक, लांब, कुईऽऽ. जाऊ अंगणात बसून तांदूळ निवडत होती. तिचा हात थांबला.

"मी कोणालातरी पाठवते," मी म्हटलं.

"कोनाला? हात कुठं घालायचा ते कोनाला ठावं?"

"सगळे रोज जातायत की."

"बगतात," ती म्हणाली. "हात कोन घालतो?"

तेव्हा मला माझा रकाना दिसला. मी लिहिलं होतं 'पाहिली'. महिनाभर सगळ्यांनी इमानाने पाहिली होती.

"बांधावर कोन हाय?" तिने शेजाऱ्याला विचारलं.

"पंचवीसेक असतील. मुंबईचे पाहुणे आलेत, कॅमेरे घेऊन. तो तुमचा भाडेकरूपण हाय. त्यांना सांगतोय का शांत ऱ्हावा, ती रडतेय ते आयका."

शेतात खारं पाणी चढत होतं आणि तो लोकांना ऐकवत होता.

जाऊ उठली नाही. मी तिला 'जा' म्हणाले नाही. कोणत्या तोंडाने म्हणणार? सात घरांचं भात एका बाजूला होतं आणि पंचवीस माणसांसमोर तिचं पाण्यात उतरणं दुसऱ्या बाजूला, आणि ते तोलायचं तिलाच होतं. तिने सुपातले तांदूळ मडक्यात ओतले, मडक्यावर झाकण ठेवलं, हात झटकले. मग चालू लागली. मी मागून पळत गेले.

बांधावर खरोखर शांतता होती. सगळे मोरीकडे तोंड करून उभे होते, काहींनी डोळे मिटले होते. तिला बघून तो पुढे आला. "मावशी! योग्य वेळी आलात."

"तू उघाडी ना?" ती म्हणाली.

"म्हणजे, मी तिचा—"

"उतर मंग. हात घाल. तुजंच तोंड हाय."

लोक त्याच्याकडे बघायला लागले. पाहुण्यांपैकी एकजण "हां, करा, करा" म्हणाला. त्याला वाटलं कार्यक्रम सुरू झाला. नाइलाजाने तो बांधाच्या उतारावरून खाली गेला. दोन पावलांत गुडघ्यापर्यंत रुतला. तिसरं टाकायला गेला तर बूट खाली राहिला आणि पाय वर आला. तो बांधावरचं गवत धरून तिथेच ओणवा झाला आणि "अरे कोणीतरी धरा!" ओरडायला लागला. त्याचं हे एकच काम मी मनापासून पाहिलं.

जाऊ त्याच्या बाजूने उतरली. लुगडं खोचायच्या आधी थांबली आणि वर बघितलं, माझ्याकडे.

शाळेच्या कार्यालयात वीस वर्षं काढली की एक आवाज कमावता येतो. मी तो लावला. "सगळ्यांनी मागे फिरायचं. शेताकडे तोंड. कॅमेरे खाली. फिरा!"

फिरले. एकूणएक फिरले, अध्यक्षांच्या पत्नीसुद्धा. इतका वेळ त्यांना कोणी साधं, कळेल असं काही सांगितलंच नव्हतं. फक्त उतारावर अडकलेला तो पाहुण्यांतल्या आपल्या कॅमेरावाल्या साथीदाराला ओरडून सांगत होता, "काढ, काढ, हेच हवंय!" साथीदाराने कॅमेरा उचलला. मी त्याच्यासमोर जाऊन भिंगावर सरळ तळहात ठेवला. बांधावर चढताना टेकलेला माझा हात चिखलाने भरलेला होता.

ती छातीभर पाण्यात गेली. मोठा श्वास घेऊन खाली गेली, वर आली, परत गेली. तिसऱ्यांदा वर आली तेव्हा तिच्या हातात नारळ होता. कुंकू लावलेला, लाल दोरा गुंडाळलेला. भक्तांपैकी कोणीतरी वाहिलेला. आमच्यातही नारळी पुनवेला उघाडीला नारळ देतात, पण तो खाडीच्या बाजूला टाकायचा, म्हणजे ओहोटीबरोबर निघून जातो. यांनी शेताच्या बाजूने टाकला. तो वाहत मोरीत गेला आणि फळीखाली पाचरीसारखा बसला. वरून वाकून बघणाऱ्याला दिसला नसता. हाताला लागला असता.

फळी धप्पकन बंद झाली. रडणं थांबलं. मी टॉवेल आणलाच नव्हता. सगळ्या याद्या करणारी मी, तो एक विसरले. माझी ओढणी तिच्या खांद्यावर टाकली आणि आम्ही घरी आलो. त्याला चिखलातून कोणी काढलं ते मला माहीत नाही.

खालच्या अंगाच्या तीन घरांचं भात गेलं. लोंब्या आल्या, पण आत दाणा नव्हता, नुसती पांढरी फोलपटं वाऱ्यावर वाजत. त्या तिघांनी तिला दोष दिला नाही. तक्त्याबद्दल मलाही कोणी काही बोललं नाही. मी तो स्वतःच काढला. भाडेकरू दिवाळीच्या आत खोली सोडून गेला. त्यानंतर कुठल्याशा शहरात त्याचं पत्रक कोणाच्या तरी हाती लागलं. त्यात लिहिलं होतं की वसईची लोप पावत चाललेली उघाडी त्याने जतन केली आहे.

जाऊ दुसऱ्या दिवसापासून पुन्हा जायला लागली. दिराची जुनी खाकी हाफपँट आणि पूर्ण बाह्यांचा सदरा घालून. हसणारे हसले, मग कंटाळले. पण एक गोष्ट तिने पहिल्याच सकाळी घरात सांगून टाकली. तिच्यासमोर कोणी तो शब्द उच्चारायचा नाही. "गेट म्हना," म्हणाली. घर म्हणायला लागलं, मग सात घरं, मग गाव. सासऱ्यांच्या आजोबांपासून चालत आलेला शब्द एका हंगामात गेला. त्याच्याबरोबर तिचं नावही गेलं. तिला आता कोणी उघाडीवाली म्हणत नाही. घरी येणाऱ्या लग्नपत्रिकेवर तिच्या गेलेल्या नवऱ्याचं नाव असतं.

दोन हजार सालानंतर काही वर्षांनी बांध नवा बांधायचं ठरलं, सिमेंटची मोरी आणि लोखंडी झडप. मोजणीसाठी एक वयस्क साहेब आले. रायगडकडचे होते, आयुष्यभर खाजणाचीच कामं केलेले. ओटीवर चहा घेता घेता त्यांनी जावेला अगदी सहज विचारलं, "बाई, तुमची जुनी उघाडी नेमकी कुठे आहे?"

किती वर्षांनी तो शब्द कोणीतरी नीट, ज्याच्यासाठी होता त्याच्यासाठी वापरला होता. मी जावेकडे पाहिलं.

"गेट का?" ती म्हणाली.

"हो. म्हणजे उघाडी."

"आमी गेट म्हनतो," ती म्हणाली, आणि दाखवायला पुढे निघाली.